पायथ्याशी बसणारे मामा

देशातला एकही नावाजलेला डोंगर माझ्या मामेसासऱ्यांनी बघायचा ठेवलेला नाही, आणि एक सोडला तर त्यांतल्या कशावरही ते चढलेले नाहीत. उंचीने त्यांना धडकी भरते. फणसवाडीतल्या तिसऱ्या मजल्याच्या गॅलरीतसुद्धा ते भिंतीला पाठ लावून उभे राहतात. ही भीती आहे असं मात्र कोणी म्हणायचं नाही. "मोठ्या माणसाच्या घरी गेलं की त्याच्या डोक्यावर बसतं का कोणी? पायाशी बसायचं," असं ते सांगतात. गिरनारला त्यांनी चप्पल काढून पहिल्या पायरीला नमस्कार केला, चहा मागवला आणि पिशव्या सांभाळत बसले. वर गेल्या त्या मामी. दोड्डबेट्टाला मोटार थेट माथ्यापर्यंत जाते, म्हणून तिथे त्यांनी अर्ध्या वाटेत ड्रायव्हरला थांबवलं आणि गाजरं विकणाऱ्या बाईच्या बाकावर मुक्काम ठोकला. अंदमानकडचा ज्वालामुखी बोटीतूनच बघायचा असतो, त्यामुळे तो त्यांचा सर्वांत लाडका. "धूर येतोय, म्हणजे घरात माणसं आहेत," एवढं बोलून त्यांनी समाधानाने डबा उघडला होता.

मामी खाली आल्या की मामा विचारत, "काय आहे गं वर?" मामी पदराने घाम टिपत म्हणत, "काही नाही हो. वारा आहे नुसता." आपलं काही हुकलं नाही याची खात्री पटली की मामांचा चेहरा खुलायचा, आणि ते मामींसाठी दोन कप चहा सांगायचे.

राहिलं होतं ते कळसूबाई. घरचंच आहे, कधीही जाता येईल, म्हणून राहिलेलं. गेल्या वर्षी मामींचे गुडघे गेले, जिना उतरणं बंद झालं. "तेवढं एक राहिलं बघा," असं त्या भाजी निवडताना सहज बोलून गेल्या. त्या रविवारी मामा मला घेऊन पायथ्याशी गेले, नमस्कार केला आणि चहा न घेताच चढायला लागले. लोखंडी शिड्यांवर त्यांनी एका हाताने कठडा आणि दुसऱ्याने माझी ओढणी धरली होती. ती ओढणी आता पोतेरं म्हणून वापरते. माथ्यावर देवीच्या देवळाला पाठ लावून त्यांनी डोळे उघडले. खाली धरणाचं पाणी, पलीकडे डोंगरामागे डोंगर.

"ही बाई माझ्याशी आयुष्यभर खोटं बोलली," ते म्हणाले. मला रडू आलं.

घरी पोचलो तेव्हा मामी दारातच खुर्ची टाकून बसल्या होत्या.

"काय आहे हो वर?"

मामांनी शर्टाच्या बाहीने घाम पुसला. "काही नाही गं. वारा आहे नुसता."

मामी त्यांच्याकडे बघत राहिल्या. मग मला म्हणाल्या, "चहा टाक गं. ह्यांना दोन कप दे."