काया म्हणजे काळा

आमच्या वऱ्हाडात ‘ळ’ कोणाच्या जिभेवर टिकत नाही. डोळा तो डोया, काळा तो काया. मी जन्मले तीच तव्याच्या बुडासारखी, म्हणून माय मला ‘कायी’ म्हणायची. त्या नावापायी काळ्या रंगाशीच माझं वाकडं. संक्रांतीला सगळ्या बाया काळं नेसत, मी नाही. दर वर्षी मायशी त्यावरून भांडण ठरलेलं.

आणि आता या वयात, बघा, चित्रं काढते तर काळ्याशिवाय दुसरा रंग नाही. शहरात दोऱ्यांवर टांगलेल्या चित्रांचं माझं मांडणशिल्प लागलं, त्याला मी नाव दिलं ‘काया’. येणारा जाणारा म्हणे, वा, देहाबद्दल काय खोल विचार केलाय! अहो, काया म्हणजे काळा, असं सांगून सांगून तोंडाला फेस आला. शेवटी म्हटलं, असू दे बाप्पा, देह तर देह. भांडायचं त्राणच उरलं नव्हतं.

खरं तर ते सगळं मायसाठी होतं. ती मला विसरली होती. केनवडला भावाकडे असते. भावाला ओळखते, वहिनीला ओळखते, गोठ्यातल्या गाईलाही ओळखते. मीच तेवढी तिला शाळेतली कोणी बाई वाटते. मला ‘तुमी’ म्हणते. आमच्याकडे माय लेकीला ‘तुमी’ म्हणाली म्हणजे संपलंच की. म्हणून तिच्याच जुन्या लुगड्यांवर, तिच्याच चुलीमागची काजळी खरवडून, मी तिला रंगवलं होतं. भाकर थापताना, तुरीच्या शेंगा सोलताना, माझी वेणी घालताना. तिनं एकदा ‘कायी’ म्हणावं, बस, एवढंच पाहिजे होतं मला.

प्रदर्शन संपल्यावर लुगड्यांचं गाठोडं घेऊन एसटीनं आमचं वऱ्हाडातलं मालेगाव, तिथून जीपनं केनवड. पाठीचा पार भुगा झाला. भावानं ओसरीत दोऱ्या बांधून दिल्या, मी लुगडी टांगली आणि मायचा हात धरून तिला त्यांच्यामधून फिरवलं. वेणीच्या चित्रापाशी ती थांबली. काजळीवरून बोट फिरवलं, काळं झालेलं बोट पदराला पुसलं.

“हा काया रंग तुमीच लावला का, बाई?”

मी मान हलवली. तिनं इकडंतिकडं पाहिलं आणि माझ्याच भल्याचं सांगावं तशी हळू आवाजात म्हणाली, “काढून टाका. आमची कायी येऊन राह्यली. तिले काया रंग बिलकुल पटत नाही. भांडन पोरगी तुमच्यासंग.”

मग ती पायरीवर जाऊन बसली, रस्त्याकडं तोंड करून. मी दोऱ्या सोडायला घेतल्या.