वाळूवरच्या सिनेगॉगमध्ये आमचं मंडळ

तीस वर्षं मी एअरपोर्टवर बॅगा चढवल्या आणि उतरवल्या. सगळे प्रवासी घरी गेले तरी एखादी बॅग बेल्टवर फिरतच राहते. कोणी उचलत नाही, कोणी थांबवत नाही. आमच्या सहलीच्या किश्शांचं तसंच झालंय. दर मंगळवारी हाउन्सलोच्या लायब्ररीतल्या खोलीत आमचं ज्येष्ठ मंडळ जमतं. चहाचा पहिला घोट पोटात जातो न जातो, तोच कोणीतरी म्हणतं, "आणि त्या बेटावर काय झालं..." झालं! बेल्ट सुरू.

बेटाचं नाव मी सांगत नाही. कॅरिबियन समुद्रात आहे, एवढं पुरे. आमच्यामुळे तिथल्या लोकांना आधीच पुष्कळ त्रास झालाय.

* * *

सहल कुठे न्यायची याची मीटिंग होती. आमच्याकडे मीटिंग म्हणजे डॉक्टरबाई बोलतात आणि बाकीचे ऐकतात. बाई मंडळाच्या अध्यक्ष. आयुष्यभर जीपी म्हणजे फॅमिली डॉक्टर होत्या, त्यामुळे समोरच्याला दहा मिनिटांच्या वर वेळ द्यायची सवय नाही.

"लेक डिस्ट्रिक्ट. हात वर करा."

कोणाचाच हात वर जाईना. चार वेळा जाऊन आलो होतो. चारही वेळा पाऊस आणि तेच तळं.

तेवढ्यात रूबेनभाऊंनी हात वर केला. रूबेनभाऊ मूळचे रेवदंड्याचे, माझ्याबरोबर बॅगा चढवायचे. त्यांची शनिवारची शिफ्ट मी करायचो, माझी रविवारची ते करायचे. मीटिंगमध्ये ते बोलल्याचं कोणाला आठवत नव्हतं.

"साराच्या कपाटात एक ब्रोशर सापडलं," ते म्हणाले. सारावहिनी आदल्या वर्षीच गेल्या होत्या. "तिकडे एका बेटावर आमचं जुनं सिनेगॉग आहे. खाली फरशी नाही, वाळू आहे. तिला बघायचं होतं. राहून गेलं. आमच्या तिथीने तिचं वर्षही आता येतंय. तिथे उभं राहून तिच्यासाठी कद्दिश म्हणावं असं मनात आहे. गेलेल्या माणसासाठी म्हणतात ती प्रार्थना. पण त्याला दहा पुरुष लागतात, आमचेच. नऊ असले तर म्हणता येत नाही."

"आमचे म्हणजे कोणाचे?" कुसुमताईंनी विचारलं.

"ज्यूंचे."

कुसुमताईंचा कप बशीवर आदळला. "अहो रूबेनभाऊ, वीस वर्षं मी तुम्हाला ख्रिसमस कार्ड पाठवतेय!"

"हो ना. छान असतात."

"मग एकदा तरी सांगायचंत!"

"सांगितलं असतं तर बंद झाली असती," रूबेनभाऊ म्हणाले.

सगळ्यांचे हात वर गेले. डॉक्टरबाईंनी तिथल्या तिथे सिनेगॉगला ईमेल केला. दोन दिवसांत उत्तर आलं: या. आमची वस्ती लहान आहे, पण त्या सकाळी आमचे नऊ पुरुष येतील. दहावे तुम्ही.

"बघा, झाली की अपॉइंटमेंट!" बाई म्हणाल्या.

* * *

निघायच्या आधी कुसुमताई वेम्बलीला जाऊन आल्या. ईलिंग रोडवर त्यांनी काय काय घेतलं ते त्यांच्या बॅगेला आणि माझ्या पाठीला माहीत. त्यात पातळ पोह्यांची चार मोठी पाकिटं.

बेटावर उतरलो तर कस्टमवाल्याने नेमकी तीच बॅग उघडली. पाकीट वर धरून उजेडात बघितलं, हलवलं, वास घेतला. "हे काय आहे?"

आमचे जोशी पुढे झाले. जोशी ब्रिस्टलला विमानाच्या कारखान्यात इंजिनियर होते आणि निवृत्तीनंतरही कोणत्याही प्रश्नाचं उत्तर देतात. तांदूळ आधी भिजवतात, मग भाजतात, मग कसा आणि किती दाबाने चपटा करतात हे त्यांनी सांगायला घेतलं. दाबाचा विषय निघाल्यावर कस्टमवाल्याने आणखी दोन माणसं बोलावली.

रूबेनभाऊ मागून हळूच म्हणाले, "धार्मिक कामासाठी आहे, सर."

"कोणता धर्म?"

"ब्रेकफास्ट!" कुसुमताई ओरडल्या.

सोडलं बाबा त्याने.

टॅक्सीत बसल्यावर कुसुमताई म्हणाल्या, "रूबेनभाऊ, माझ्यासाठी खोटं बोललात हो."

"खोटं कशाला? आमच्यात मलिदा करतात. नवस फेडायला, चांगलं काही झालं तर. पोहे, गूळ, ओलं खोबरं. वर फळं मांडायची आणि एलियाहू पैगंबराचं नाव घ्यायचं."

कुसुमताईंनी पोह्यांचं पाकीट बॅगेतून काढून एकदा बघितलं. मग म्हणाल्या, "म्हणजे तुमच्या पैगंबराला पोहे चालतात?"

"तो नाही खात. आम्हीच खातो."

"मग आमच्यासारखंच की!"

* * *

गाइडचं नाव क्लाइव्ह. उंच, सावळा, पांढरी टोपी, आवाज देवळातल्या घंटेसारखा. सिनेगॉगच्या अंगणात आम्हाला झाडाखाली उभं करून त्याने सगळं नीट सांगितलं. स्पेन आणि पोर्तुगालमधून या लोकांना हाकललं, ते हॉलंडला गेले, तिथून समुद्र ओलांडून इथे आले. आत वाळू का, याची त्याने तीन कारणं सांगितली. एक, पूर्वज वाळवंटात चाळीस वर्षं चालले त्याची आठवण. दोन, देवाने वचन दिलं होतं की तुमची प्रजा वाळूइतकी होईल. तीन, तिकडे लपूनछपून प्रार्थना करायचे, तेव्हा पावलांचा आवाज होऊ नये म्हणून खाली वाळू टाकायचे.

मला तिसरं कारण फार लागलं. रूबेनभाऊंनाही लागलं असावं. ते उगाच पाय हळू टाकायला लागले.

जोशी म्हणाले, "चौथं कारण ओल. समुद्र जवळ आहे. वाळू ओल शोषून घेते."

क्लाइव्हने टोपी काढली. "सर, हे आजवर कोणी सांगितलं नव्हतं."

दुसऱ्या दिवशी आम्ही चौकात बसलो होतो. क्लाइव्ह जहाजावरून आलेल्या दुसऱ्या टोळीला तीच माहिती देत होता. "आणि चौथं कारण," तो म्हणाला, "एका थोर भारतीय संशोधकाने शोधून काढलंय. ओल."

जोशींनी खिशातून डायरी काढली आणि ते लिहून घेतलं!

* * *

आता आत काय झालं ते. दारातच आमच्या अकरा जणांनी अकरा जोड्या चपला-बूट काढून ओळीने लावले. तिथली व्यवस्था बघणारे एक म्हातारे गृहस्थ होते, जाड भिंगांचा चष्मा लावणारे. ते म्हणाले, "बूट राहू द्या. डोकं तेवढं झाका." आमच्यात देवाकडे डोकं उघडं आणि पाय उघडे. त्यांच्यात डोकं झाकलेलं आणि पायात बूट. शेवटी आम्ही डोकं झाकून अनवाणी गेलो. दोन्हीकडचं सांभाळलं.

आत लाकडी बाकं, वर पितळी झुंबरं, आणि बरोबर मधोमध एक कठडा घातलेला चौथरा. तिथे उभं राहून वाचतात. आता मधोमध काही उंच दिसलं की आपली माणसं काय करतात? कुसुमताई डावीकडून निघाल्या, त्यांच्यामागे जोशी, त्यांच्यामागे सगळे. क्लाइव्हला वाटलं, रांग आहे. तोही लागला. तीन प्रदक्षिणा झाल्या.

चष्मेवाले गृहस्थ दाराशी उभे राहून बघत होते. रूबेनभाऊंना ते म्हणाले, "माझं लग्न इथेच झालं. लोक आत येताना पाहिलेत, बाहेर जाताना पाहिलेत. गोल पहिल्यांदा पाहतोय."

"वाईट वाटून घेऊ नका," रूबेनभाऊ म्हणाले.

"छे! मध्येच का थांबले? पाच तरी घालायच्या."

पण खरा प्रकार बाहेर आल्यावर कळला. कुसुमताई टिश्यू पेपरची पुडी बांधत होत्या. आत चिमूटभर वाळू. "नातवाची ए-लेव्हलची परीक्षा आहे," त्या म्हणाल्या.

डॉक्टरबाई भडकल्या. "लाज वाटते का? प्रत्येकाने चिमूट नेली तर त्यांच्याकडे वाळू उरेल का? सगळ्यांनी खिसे रिकामे करा!"

अकरा जणांत आठ पुड्या निघाल्या. एक माझी होती. मी काही मागायला नव्हती घेतली, नुसती घेतली होती. चष्मेवाल्या गृहस्थांनी हसत एकेक पुडी परत आत नेऊन ओतली. मग त्यांनी बाईंच्या पर्सकडे बघितलं. पर्स उघडी होती. आत औषधाची बाटली, गळ्यापर्यंत वाळू. वर चिठ्ठी: दिवसातून दोनदा, जेवणानंतर.

"सॅम्पल आहे," बाई म्हणाल्या.

* * *

जुन्या कबरस्तानातला किस्सा लहान आहे. दगडांवर जहाजं, तोडलेली झाडं असं कोरलेलं. खाऱ्या वाऱ्याने नावं झिजून गेलेली. डॉक्टरबाई एकेका दगडाजवळ वाकून वय काढत होत्या. "हा बेचाळिसाव्या वर्षी गेला. बीपी तपासलं नसणार." "ही तिशीतच? बाळंतपण." सगळ्या कबरस्तानाची ओपीडी करून टाकली!

कुसुमताईंनी फुलं आणली होती. रूबेनभाऊ मात्र खालचे खडे उचलून दगडांवर ठेवत होते.

"खडे का हो?"

"फूल सुकतं," ते म्हणाले.

कुसुमताईंनी फुलं क्लाइव्हच्या हातात दिली आणि खडे वेचायला बसल्या. गुडघे दुखतात त्यांचे. उठवायला दोघं लागलो.

* * *

मग तो दिवस आला. सकाळी रूबेनभाऊ इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून तयार. त्यांचं प्रार्थनेचं पुस्तक माझ्याकडे होतं, कारण ते दर दोन मिनिटांनी कॉलर नीट करत होते.

सिनेगॉगच्या दारात चष्मेवाले गृहस्थ उभे होते. चेहऱ्यावरूनच कळलं. त्यांच्या नऊ जणांपैकी एक पहाटे न्हाणीघरात पडले होते. खुब्याला लागलं, हॉस्पिटलात होते. आता तिथले आठ आणि रूबेनभाऊ नववे.

"फोन केले," गृहस्थ म्हणाले. "बाकीचे बेटावर नाहीत."

जोशी म्हणाले, "रूबेन, मी उभा राहतो दहावा. कोणाला कळणार आहे?"

"साराला कळेल," रूबेनभाऊ म्हणाले.

जोशींनी डोक्यावर चढवलेली टोपी काढून हातात घेतली. 

रूबेनभाऊ पायरीवर बसले. "राहू दे दामू," मला म्हणाले. "आलो ना इथपर्यंत. नुसता उभा राहून जातो." मी त्यांच्या शेजारी बसलो. 

डॉक्टरबाईंनी मात्र पर्स माझ्या मांडीवर टाकली, क्लाइव्हच्या हातातून त्याची पिवळी गाइडची छत्री घेतली आणि समोरच्या चौकाकडे चालायला लागल्या. सकाळीच एक मोठं जहाज लागलं होतं. चौक उन्हाने लाल पडलेल्या गोऱ्यांनी भरलेला. आयुष्यभर बाई विमानात बसल्या की कोणीतरी विचारायचं, "प्रवाशांमध्ये कोणी डॉक्टर आहे का?" आणि बाई उठायच्या. त्यांना हीच एक पद्धत माहीत. त्या कारंज्याच्या कट्ट्यावर चढल्या आणि छत्री वर करून दवाखान्यातल्या आवाजात इंग्लिशमध्ये ओरडल्या, "तुमच्यामध्ये कोणी ज्यू आहे का? इमर्जन्सी आहे!"

अर्धा चौक रिकामा झाला! एका बाईने नवऱ्याला ओढतच दुकानात नेलं. पोलिसाने शिट्टी तोंडात घेतली. क्लाइव्ह त्याला समजवायला धावला.

"एकच माणूस हवाय!" बाई ओरडल्या. "पाच मिनिटांचं काम आहे! दुखणार नाही!"

पाच-सात मिनिटं कोणी आलं नाही. बाई खाली उतरायला लागल्या, तेव्हा आइस्क्रीमच्या रांगेतून एक म्हातारा बाहेर पडला. गुडघ्यापर्यंत चड्डी, काळे मोजे, नाकावर पांढरं क्रीम. बोलण्यावरून मँचेस्टरकडचा वाटला. बायकोला काहीतरी सांगून तो आला. चेहरा पडलेला होता, हॉस्पिटलात रिपोर्ट घ्यायला निघाल्यासारखा.

"पन्नास वर्षांत आत पाऊल टाकलेलं नाही," तो दारात पुटपुटला. "चालेन का?"

"मोजायला चालता," चष्मेवाले गृहस्थ म्हणाले आणि त्याच्या डोक्यावर टोपी ठेवली.

आम्ही सगळे मागच्या बाकांवर बसलो. रूबेनभाऊ माझ्याकडून पुस्तक घेऊन उभे राहिले. सुरुवात बरी झाली. मध्यावर ते थांबले. पुस्तक हातात होतं, पण डोळ्यांना दिसेना. तेव्हा तो चड्डीतला म्हातारा, पुस्तक न बघता, पुढचा शब्द बोलला. रूबेनभाऊंनी तो उचलला. मग त्याने त्याच्या पुढचा दिला. दोघं एकेक शब्द धरत शेवटपर्यंत गेले. बाकीच्यांबरोबर आमेन म्हणायला आम्हीही होतो. कुसुमताईंचं सगळ्यांत मोठं होतं.

रूबेनभाऊंनी त्याचे दोन्ही हात धरले.  त्याने टोपी काढून नीट घडी केली, परत दिली आणि निघाला. मी त्याच्यामागे फाटकापर्यंत गेलो.

बाहेर त्याची बायको उभी होती. दोन्ही हातांत आइस्क्रीम, दोन्ही वितळून कोपरापर्यंत आलेली.

"कुठे होतास इतका वेळ?"

"टॉयलेटला," तो म्हणाला. "रांग होती."

"एवढी? किती जण होते?"

म्हाताऱ्याने आपलं आइस्क्रीम घेतलं आणि बाजूने चाटलं.

"दहा," तो म्हणाला.