उजवा कौल

परळच्या गिरणीजवळची आमची खोली आईला नकोशी झाली होती. एक दार, खिडकी नाही, आणि वडिलांचा खोकला. वडील गिरणीत मागावर होते, कापसाचा तूस छातीत बसलेला. मालाडच्या गावठणात एका ख्रिस्ती बाईची खोली मिळत होती. पुढे अंगण, मागे विहीर. आईने तिथे मनातल्या मनात अबोलीही लावून टाकली होती.

पण आम्ही पडलो कोकणातले. देवाला विचारल्याशिवाय घर कसं बदलायचं? गावी हे काम गुरवाचं. इथे गुरव कुठला? म्हणून वडिलांनी देव्हाऱ्यातल्या काळ्या पाषाणाच्या देवापुढे स्वतःच कौल लावायचं ठरवलं. देवाच्या दोन्ही खांद्यांवर ओली पाकळी चिकटवायची. उजवी आधी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. पाकळ्या आईने चिकटवल्या, गाऱ्हाणं वडिलांनी घातलं. उजवी पटकन पडली. मी तर उडीच मारली.

मालाडला गेलो आणि आठव्या दिवशी वडील विहिरीवर घसरले. पाय मोडला. तीन महिने खाटेवर, गिरणीतली जागाही गेली. शेजारीपाजारी म्हणायचे, घर काही लाभलं नाही.

तेवढ्यात गावाहून थोरले काका भावाला बघायला आले. कौलाची हकिकत ऐकून त्यांनी वडिलांना विचारलं, "खंयची पाकळी पडली?" वडिलांनी समोर बसून बोट दाखवलं. काकांनी कपाळावर हात मारला.

"अरे खुळ्या, उजवो म्हणजे देवाचो उजवो! तुझो नाय! देव तुझ्याकडे तोंड करून बसलोहा ना? हो कौल डावो झालो!"

घरात सुतक पडल्यासारखं झालं. परळची खोली अजून आमच्याकडेच होती. काका म्हणाले, चार दिवसांत परत जा. त्या दिवशी आईच्या आमटीत मीठ नव्हतं.

मग वडीलच म्हणाले, "दादा, एक सांगू? मी तीन महिन्यांत खोकलो नाय."

खरंच की! पाय मोडला म्हणून गिरणी सुटली आणि गिरणी सुटली म्हणून खोकला सुटला. घरमालकिणीने तर आपल्या भाजीच्या वाडीवर देखरेखीचं काम देऊ केलं होतं. आता पाय मोडला हे वाईट झालं की बरं? काकांनी दाढी खाजवली. मग म्हणाले, परत कौल लावू, या खेपेला बरोबर. त्यासाठी ते आठ दिवस राहिले. घरमालकीण रोज बोंबलाचं कालवण पाठवायची आणि काका वाटी चाटूनपुसून परत करायचे.

कौल काकांनीच लावला. देवाची उजवी पाकळी पडली. आई पदरात तोंड लपवून रडली. आम्ही राहिलो. अंगणात अबोली फुलली आणि वडील पुढे पुष्कळ वर्षं वाडीत हिंडत राहिले.

आई म्हातारी झाल्यावर एकदा गजरा करता करता मला म्हणाली, "तुला सांगते, त्या पहिल्या वेळी एक पाकळी मी जवळजवळ कोरडीच लावली होती, आधी पडावी म्हणून."

"म्हणजे देवाला फसवलंस?"

"फसवलं कसलं! मलाही उजवं कुठलं ते ठाऊक नव्हतं. चुकीच्या बाजूची कोरडी ठेवली."

मी हसून लोटपोट. "जाऊ दे. दुसरा कौल तरी खरा होता ना?"

आईने दोरा दाताने तोडला.

"कोण जाणे. भावोजी गावी निघाले तेव्हा मी त्यांना हेच विचारलं होतं. हसले आणि म्हणाले, बोंबील मात्र झकास हा हयचो."