आईच्या दारात न गेलेला तपास

माझ्या जमिनीच्या दाव्याचा पुकारा व्हायला वेळ होता, म्हणून मी शेजारच्या कोर्टात जाऊन बसलो. बाकावर एक बाई फुटकं हेल्मेट मांडीवर घेऊन, त्याची चीर अंगठ्यानं चाचपत होती.

"पोराला डंपरनं उडवलं, बाबा. पोलीस म्हणतात, हेल्मेट नव्हतं, चूक पोराचीच. म्हणून कोर्टात अर्ज केला."

न्यायाधीश मॅडमनी तपासी फौजदाराला विचारलं, "हेल्मेट शोधलंत?"

"जागेवर मिळून आलं नाही, मॅडम."

बाई ताडकन उठली. "दवाखान्यातून पोराच्या कपड्यांबरोबर मलाच दिलं की! घरी एकदा तरी आलात का?"

माझं डोकंच फिरलं. मी चौथी शिकलेला, पण म्हैस चोरीला गेली तर आधी मालकाच्या गोठ्यात जायचं, एवढी अक्कल मला हाय. हे आईच्या दारातही गेले नाहीत!

मॅडमनी फौजदाराला हेल्मेट ताब्यात घ्यायला सांगितलं. बाईनं ते पोटाशी आवळलं. "यांच्या हातात नाही देणार. तुम्हीच घ्या."

शिपाई तिच्यावर खेकसला, तसा मी उभा राहिलो.

"आजोबा, खाली बसा," मॅडम म्हणाल्या.

हेल्मेट मॅडमच्या टेबलावर जाईपर्यंत मी बसलो नाही.