मृदंगाला ज्वारीचं पीठ

मृदंगाच्या डाव्या तोंडाला गव्हाची कणीक लावतात. ती लावली की थाप घुमते, नाही लावली तर रिकाम्या डब्यावर हात मारल्यासारखा आवाज येतो. आमच्या डिंगोऱ्यात हे कुणालाही विचारा. मलाही तीस वर्षं ठाऊक होतं. तरी सप्ताहाच्या शेवटच्या दिवशी, काल्याच्या कीर्तनाला, मी अख्ख्या गावासमोर मृदंगाला ज्वारीचं पीठ थापून उभा राहिलो.

लोकांना वाटलं, घाईत झालं असेल. घाई होतीच, पण खरं कारण त्याहून लाजिरवाणं आहे. आमच्या घरात गव्हाचं पीठ कुठल्या डब्यात असतं आणि ज्वारीचं कुठल्या, हे मला माहीत नव्हतं. पांढरं दिसलं ते घेतलं.

आता थोडी माझी थोरवी सांगतो. ती मी अनेकदा सांगितलेली असल्यामुळे तोंडपाठ आहे. मी वारूळवाडीला एका शाळेत कारकून. रोजचं मोटारसायकलवर जाणं-येणं, दोन मुलं, थोडी शेती, आणि हे सगळं सांभाळून मृदंग. या ‘सांभाळून’ शब्दावर मी आयुष्य काढलं. कुणी म्हटलं, ‘भाऊ, हात चांगलाय तुमचा,’ की मी सुस्कारा टाकायचो. ‘काय करता राव, नोकरीनं आणि संसारानं खाल्लं सगळं. नाहीतर आज कुठल्या कुठं असतो.’ कुठल्या कुठं म्हणजे नेमकं कुठं, हे मला कुणी विचारलं नाही. नशीब माझं. शाळेच्या एका समारंभात तर ‘नोकरी आणि प्रपंच सांभाळून कला जोपासल्याबद्दल’ मला शाल आणि नारळ मिळाला. शाल मी अंगावर घेऊन घरी आलो. नारळाची बायकोनं चटणी केली.

कलेची जोपासना अशी चालायची. संध्याकाळी मृदंग काढायचा. लाकडी गट्टे हातोडीनं ठोकून सुरात आणायला वीस मिनिटं. मग चहा. मग दहा मिनिटं वाजवायचं, आणि तेवढ्यात मुलांचा अभ्यास सुरू झाला की ‘या घरात रियाज होणं शक्य नाही’ म्हणून मृदंगावर गवसणी चढवायची. मुलं शिकून पुण्याला गेली. घर शांत झालं. रियाज दहाच मिनिटं राहिला.

जुन्नरला मृदंग मढवणारे एक चाचा आहेत. मागच्या वेळी मी वाद्य नेलं तेव्हा त्यांनी पुडीच्या चामड्यावर बोट फिरवलं आणि मान हलवली. मला वाटलं, वाहवा करणार.

“भाऊ, तुमची पुडी लई टिकती,” ते म्हणाले. “रोज वाजवनाऱ्याची एवढी टिकत न्हाई.”

मी हसलो. घरी येऊन बायकोला सांगितलं, चाचा माझ्या वाद्याची निगा पाहून खूश झाले.

तर सप्ताह. आमच्याकडे पहाटेचा काकडा आणि संध्याकाळचा हरिपाठ गावातल्या वादकांचा, आणि कीर्तनं बाहेरून बोलावलेल्यांची. पत्रिकेवर त्यांच्या नावाआधी मृदंगमणी, मृदंगसम्राट असं काहीबाही छापतात. आमच्यासाठी खाली एक ओळ असते: ‘साथ – समस्त भजनी मंडळ.’ त्या ‘समस्त’मध्ये मी तीस वर्षं आहे. काल्याचं कीर्तन एकदा, फक्त एकदा आपल्या हातानं वाजवावं, एवढी एकच इच्छा होती. त्या ओळीतून वर यायचा दुसरा रस्ता नव्हता.

यंदा तो रस्ता आपणहून दारात आला. आदल्या रात्री भीमाशंकरकडे कार्यक्रमाला गेलेल्या मृदंगमणींची जीप सकाळी घाटात बंद पडली. मंडळाचे अध्यक्ष स्कूटरवरून थेट आमच्या अंगणात.

“चला, तुमीच उभं ऱ्हायचं. अर्ध्या तासात.”

बायको पहाटेपासून महाप्रसादाच्या पोळ्या लाटायला मंदिरामागे गेलेली. एरवी मी आंघोळीहून येईपर्यंत मृदंगाशेजारी ओल्या फडक्यात गुंडाळलेला कणकेचा गोळा ठेवलेला असायचा. बिनमिठाचा, बिनतेलाचा, कानाच्या पाळीसारखा मऊ. तो तिथं कसा येतो, याचा विचार मी कधी केला नव्हता. दुसरे वादक पिठाची पिशवी जवळ बाळगतात. मी त्यांना मनात हसायचो, कलावंतानं काय पीठ घेऊन हिंडायचं!

त्या दिवशी मी स्वयंपाकघरात गेलो. डबे पाहिले. एक उघडला. परातीत मापटंभर पीठ ओतलं, पाणी घातलं, गोळा केला. तो ताणला की तुटत होता. मला वाटलं, माझ्याच हाताला सवय नाही.

कीर्तन सुरू झालं. पहिली काही मिनिटं मी खरंच वाजवलं. कीर्तनकार महाराजांनी वळून पाहिलं, मान डोलावली. त्या एका डोलण्यावर मी पुढच्या दहा सप्ताहांच्या पत्रिका मनात छापून टाकल्या. मग चाल वाढली, ऊन चढलं, पीठ वाळलं. आधी कपचे उडू लागले. शेजारचा टाळकरी गालावरचा कपचा पुसत माझ्याकडे पाहू लागला. थाप धूम बोलायची तिथं टक बोलू लागली. मी अंगात आल्यासारखी जोरात थाप मारली आणि उरलेला गोळा अखंड सुटून महाराजांच्या पायावर पडला.

महाराजांनी माइकवरून विचारलं, “काय भाऊ, काल्याचा प्रसाद आत्ताच वाटायला घेतला का?”

मंडप हसला. पोळ्या लाटणाऱ्या बायकाही बाहेर येऊन हसल्या. त्यांत आमची हसत नव्हती. पिठाचे हात तसेच धरून ती त्या पांढऱ्या गोळ्याकडे पाहत होती. तिला इतक्या लांबून ओळखू आलं.

तेवढ्यात मृदंगमणी आले. चांगला माणूस. माझ्या गळ्यातून मृदंग स्वतःच्या गळ्यात घेतला, पिशवीतून पीठ काढलं, तांब्यातल्या पाण्यानं दोन मिनिटांत मळून लावलं आणि अशी थाप मारली की माझाच मृदंग मला परका वाटला. माझ्या हातात टाळ आले. तेही मी अर्धी मात्रा मागे वाजवले असतील.

महाप्रसादाला मी थांबलो नाही. दुपारी बायको घरी आली तेव्हा मी ओसरीवर बसून तयारी करत होतो. शाळेत परीक्षांचं काम, त्यात घरची कामं, रियाजाला वेळच मिळाला नाही, हे सगळं कुठल्या क्रमानं सांगावं, याची.

तिनं मला बोलूच दिलं नाही. आत गेली. परातीत उरलेला गोळा तिला दिसला असावा, कारण थोड्या वेळानं भाकरी थापल्याचा आवाज आला. एका लयीत, एकही ठोका न चुकता. मग तिनं ताट आणून माझ्यापुढं ठेवलं.

“तुमीच मळलेलं व्हतं,” ती म्हणाली. “खावा. आन् गव्हाचा डबा खिडकीखाली हाय. पुढच्या हरिपाठापासनं तुमचं तुमी मळायचं.”