कुवेतला असलेला माझा नवरा

नव्वदच्या दशकाच्या शेवटी मी स्वतःला परफॉर्मन्स आर्टिस्ट म्हणवत असे. विरारच्या आमच्या सोसायटीत मात्र ‘ती बिननोकरीची’ एवढीच माझी ख्याती होती. नवऱ्यावाचून बाईला ओळख असते का, असा एक भारदस्त प्रश्न मला पडला होता. उत्तर शोधायला मी एक बाई तयार केली. नवरा कुवेतला, स्वभाव सोशिक, गळ्यात स्टेशनबाहेर घेतलेलं खोटं मंगळसूत्र. महिनाभर ती होऊन राहायचं ठरवून भुईगावात एका वयस्कर ख्रिस्ती मावशींकडे खोली घेतली.

सोंग झकास वठलंय, असं मला वाटत होतं. दर रविवारी एसटीडी बूथवरून मी ‘कुवेतला’ फोन लावायचे, म्हणजे विरारला आईला. आई विचारायची, जेवलीस का. मी बाहेरच्या रांगेला ऐकू जाईल अशा बेताने म्हणायचे, “अहो, कधी येताय?” तिसऱ्या रविवारी तिने घाबरून फोन बाबांच्या हातात दिला.

त्याच संध्याकाळी, भूमिकेची गरज म्हणून, मी ओट्यावर बसून थोडी रडले. चांगलं जमलं. दुसऱ्या दिवशी मावशींनी सांगितलं, तुझा नवरा परत यावा म्हणून नोव्हेना धरलाय. नऊ दिवस, रोज मारियामातेच्या मूर्तीसमोर गुडघे टेकून प्रार्थना. मावशींचे गुडघे असे, की अंगण झाडायलाही त्या स्टूल घेऊन बसत.

दोन दिवस मी वहीत टिपणं काढली. ‘प्रेक्षकाचा सहभाग’ असं लिहिल्याचं आठवतं. ती वही सापडली तर मीच फाडून टाकीन. तिसऱ्या दिवशी मावशींना उठता येईना, मी दंडाला धरून उठवलं आणि मला स्वतःची लाज वाटली. तरी आणखी तीन दिवस गप्प राहिले, कारण या सोंगाचे काढलेले फोटो मुंबईत प्रदर्शनात दाखवायचे होते. सहाव्या दिवशी मंगळसूत्र काढून टेबलावर ठेवलं आणि सगळं सांगून टाकलं.

मावशी गुडघ्याला तेल चोळत होत्या. “फोन विरारला लागतो ते मला पयल्याच रविवारी कळलेलं. बूथवाला माझा भाचा. मला वाटलं, नवरा टाकून गेला, पोर लाजेने सांगत नाय.”

“मग आता थांबवा ना, मावशी.”

“देवाला नऊ दिवस बोललेय, बाय. अर्धवट नाय सोडत. तुझं खरं नाव सांग. उरलेले तीन दिवस तुझ्यासाठी करते.”

मी नाव सांगितलं.

“आनि मागू काय?”

नोकरी म्हणावं तर मला ती नको होती. नवरा म्हणावं तर तीन आठवड्यांतच त्याचाही कंटाळा आला होता. मोठी कलावंत होऊ दे म्हणायला त्या गुडघ्यांसमोर जीभ रेटेना.

“तुम्हीच ठरवा,” मी म्हटलं.

तीन दिवस मावशींनी डोळे मिटून माझ्यासाठी काहीतरी मागितलं. काय, ते विचारायची माझी हिंमत झाली नाही.