बाकीचं लोकांसमोर

नोराबाई नाटकाचं शेवटचं वाक्य तालमीत कधीच बोलत नसत. त्याच्या आधीच्या वाक्यापर्यंत यायचं, एक टाळी वाजवायची आणि खुर्चीत बसायचं. "बाकीचं लोकांसमोर," असं म्हणून त्या थर्मासमधला चहा ओतून घेत. त्यांच्या देशातल्या नाटक कंपन्यांत तशी रीतच होती म्हणे. शेवटचं वाक्य बोललं की नाटक पुरं होतं, आणि ऐकायला लोक नसताना नाटक पुरं करणं म्हणजे अपशकुन. माझे वडील नागपूरच्या गांधीबागेत लुगड्यांचे दुकानदार. आमच्या घरी अपशकुनांना काय तोटा होता, की त्यात आता आयर्लंडहून भर पडावी! मला ते सगळं थोतांड वाटायचं.

त्यांना कोणी इंग्रज म्हटलं की त्या तापत. "मले इंग्रज म्हनू नको वं. तुमच्यावर राज्य केलं, तसंच आमच्यावरही केलं त्याईनं." हे मराठी त्यांनी मोहननगरातल्या दूधवाल्या सगुणाबाईकडून उचललं होतं. त्यामुळे आमच्या शाळेतलं शुद्ध मराठी ऐकलं की त्या गोंधळून जात आणि सगुणाबाईनं तोंड उघडलं की खुलत.

समुद्रकाठच्या एका खेड्यात त्यांच्या वडिलांची पावाची भट्टी होती. ती सोडून त्या कोवळ्या वयात एका फिरत्या कंपनीबरोबर निघून गेल्या. पुढे डब्लिनची रंगभूमी त्यांनी बरीच वर्षं गाजवली आणि मग सिनेमासाठी लंडनला गेल्या. तेव्हा सिनेमे मुके होते. "येवढं मोठं तोंड दिसे माह्यं पडद्यावर, अन् आवाज नाही. नुसतं तोंड हालून राहिलं. माय वं, मासोळीच!" बोलपट आले तेव्हा कंपनीवाल्यांना त्यांचे उच्चार गावंढळ वाटले. मग वाट्याला आल्या त्या दार उघडणाऱ्या मोलकरणी. दुसऱ्या महायुद्धात सैनिकांची करमणूक करायला एक नाटक मंडळी कामठीच्या छावणीत आली, तिच्यात त्या होत्या. नागपूरच्या एका रेल्वे गार्डशी लग्न करून त्या इथेच राहिल्या. तो काही वर्षांतच गेला. स्वातंत्र्यानंतर शेजारची गोरी घरं एकेक करून रिकामी झाली, पण ह्या हलल्या नाहीत. "तिकडं माह्यं कोन हाये?" एवढंच म्हणत.

मी तेव्हा मुलींच्या शाळेत शिकवत होते. आमच्याच शाळेतल्या देशमुख सरांनी नोराबाईंसाठी म्हणून एक नाटक लिहिलं. खेड्यातल्या दवाखान्यात म्हातारी झालेली एक परदेशी नर्स. दवाखाना बंद होतो, गाव निरोप देऊन जातं, कोतवाल दार ओढून घ्यायला लागतो आणि ती म्हणते, "दार लावू नका गा. कोणी येईल." तिथे पडदा. मला प्रॉम्प्टिंगचं काम मिळालं. इतक्या वर्षांनी पुन्हा मोठी भूमिका मिळाली म्हणून बाईंनी तालमीच्या पहिल्या दिवशी सगळ्यांना संत्री वाटली.

महिनाभरात त्यांचा आवाज बसला. ज्येष्ठमध झालं, मिठाच्या गुळण्या झाल्या, सगुणाबाईचा काढाही झाला. शेवटी मी त्यांना ओढतच डॉक्टरांकडे नेलं. गळ्यात गाठ होती. लगेच मुंबईला जाऊन शस्त्रक्रिया करा, आवाज जाईल पण जीव वाचेल, असं डॉक्टर म्हणाले.

"नाटक झाल्यावर," बाई म्हणाल्या.

मी रस्त्यातच त्यांच्याशी भांडले. जीव मोठा की नाटक, असं विचारलं.

"काहून वं, आवाज गेल्यावर त्या जीवाचं मी का करू? लोनचं घालू?"

पुढच्या तालमींत त्यांचे शब्द खरवडल्यासारखे निघत. ऐकताना माझाच घसा दुखे. शेवटच्या तालमीला मात्र माझ्याच्यानं राहवेना. "बाई, एकदा तरी ते वाक्य म्हणा न," मी म्हटलं. "आज आवाज हाये. उद्याचं कोनं पाह्यलं?"

त्यांनी माझ्याकडे बघत टाळी वाजवली आणि थर्मास उघडला.

प्रयोगाला सभागृह भरलं होतं. सगुणाबाई नवं लुगडं नेसून पुढे बसली होती. दोन अंक बाईंचा आवाज असा लागला की देशमुख सर विंगेत रडायला लागले. तिसऱ्या अंकात तो विरत गेला. कोतवालानं दाराला हात घातला. बाई वळल्या, तोंड उघडलं, ओठ हलले, आणि काहीच ऐकू आलं नाही. मी हलकेच वाक्य सांगितलं. त्यांनी मान हलवली. वाक्य त्यांना येतच होतं. ओठ पुन्हा हलले. मागून कोणीतरी ओरडलं, "आवाज! आवाज!" पिटातली, स्वस्त तिकिटांची माणसं हसली. त्या ओरडणाऱ्याचा गळा धरावासा वाटला मला. मी ते वाक्य विंगेतून मोठ्यानं म्हणणार, तेवढ्यात बाईंनी पाठीमागे हात करून मला थांबवलं. त्या तशाच उभ्या राहिल्या. शेवटी कोणीतरी पडदा पाडला.

मुंबईच्या डॉक्टरांनी उशीर झाला म्हणून परत पाठवलं. इथल्या दवाखान्यात त्या पावसाळाभर पडून होत्या. श्वासापुरतं कुजबुजणं उरलं होतं. एकदा त्यांच्या तोंडाजवळ कान नेऊन मी म्हटलं, "बाई, आता तं म्हणा. मी ऐकून राहिली."

त्यांनी खोलीभर नजर फिरवली. "लोक कुठं हायेत वं?"

त्यानंतरच्या आठवड्यात त्या गेल्या. दफनाला पाद्री, देशमुख सर, सगुणाबाई, नाटकातला कोतवाल आणि गार्डसाहेबांच्या ओळखीचे दोघेचौघे रेल्वेवाले होते. पाद्रीबाबांची प्रार्थना संपली. खणणाऱ्यानं फावडं उचललं. मी आजूबाजूला पाहिलं. थोडे होते, पण लोक होते.

"दार लावू नका गा," मी शेवटच्या रांगेला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हटलं. "कोणी येईल."

खणणारा थांबला. त्यानं पाद्रीबाबांकडे पाहिलं, पाद्रीबाबांनी मान डोलावली आणि त्यानं माती लोटायला सुरुवात केली.